लेकीला पहिली हळद आईनंच लावावी

ताई,

मी सांगलीजवळच्या एका गावात राहते. हळदीच्या कारखान्यात पावडर भरायच्या कामावर आहे. मिस्टर वारले तेव्हा माझी एकुलती एक लेक सहावीत होती. त्याला आता अकरा वर्षं झाली. लेक नर्स आहे, मिरजेत नोकरी करते. तुळशीच्या लग्नानंतर तिचं लग्न धरलंय. मुलगा आणि त्याच्या घरची माणसं चांगली आहेत.

साखरपुड्याला लेकीला कुंकू लावावं म्हणून मी करंडा हातात घेतला, तर चुलतसासूबाईंनी माझं मनगट धरलं. "तू नको, सवाष्णींना पुढं होऊ दे," म्हणाल्या. मी मागं सरले. सगळ्यांनी बघितलं, लेकीच्या सासरच्यांनीसुद्धा. आता थोरले दीर म्हणतात, कन्यादानाला ते आणि जाऊबाई बसतील, विधवेनं बसायचं शास्त्रात नाही. हळदीच्या वेळी आणि चुडा भरताना मी आतल्या खोलीत थांबायचं. जाऊबाई मनानं वाईट नाहीत. मिस्टर गेल्यावर दोन वर्षं आमच्या घरातलं धान्य त्यांनीच पुरवलं. लेक मात्र हट्टाला पेटली आहे. आई हळद लावणार नसेल तर मला हळदच नको म्हणते, आणि कन्यादान तर नकोच, मी काय दान द्यायची वस्तू आहे का, म्हणते. घरात रोज वाद चालू आहेत.

खरं सांगू का ताई, मलाही भीती वाटते. मी हट्टानं हळद लावली आणि उद्या तिच्या संसारात काही वाईट झालं तर? लोकांचं सोडा, मी स्वतःलाच माफ करणार नाही. मी काय करू? पत्रिका अजून छापायला दिलेली नाही.

— एक आई, सांगली जिल्हा

*

ताई,

तुमच्या भीतीपासूनच सुरुवात करते. दिरांचं म्हणणं, शास्त्र, कन्यादान हे सगळं नंतरचं. तुमच्या मनातली भीती तशीच राहिली, तर उद्या सगळं घर "लाव हळद" म्हणालं तरी तुमचा हात थरथरेल.

ही भीती तुमच्या मनात आपोआप उगवलेली नाही. मिस्टर गेले त्या दिवसापासून कुणी ना कुणी ती पेरत आलं आहे. बारशाला पाळण्याजवळ जाताना कुणी तरी हळूच बाजूला घेतलं असेल. डोहाळजेवणाला ओटी भरायच्या वेळी ताट तुम्हाला टाळून पुढं गेलं असेल. तोंडावर कुणी काही बोललं नसेल, पण आपल्याला कळतंच. अकरा वर्षं हेच चालू राहिलं की माणसाला वाटायला लागतं, आपल्यातच काही तरी खोट आहे.

आता मी विचारते त्याची उत्तरं मनातल्या मनात द्या. वडील गेल्यावर त्या पोरीला पहाटे उठवून डबा कुणी करून दिला? तापात तिच्या कपाळावर मिठाच्या पाण्याच्या पट्ट्या कुणी ठेवल्या? दहावीच्या पहिल्या पेपराला निघताना तिच्या हातावर दही-साखर कुणी घातली? नर्सिंगच्या फीचे पैसे कुणी साठवले? तुमच्याच हातांनी हे सगळं केलं. त्या हातांत काही अशुभ असतं तर त्याची झळ या अकरा वर्षांत लागली असती. तसं काही झालं नाही. पोरगी शिकली, स्वतःच्या पायावर उभी राहिली, आणि आईला बाजूला सारतात म्हटल्यावर घराशी भांडायला उभी राहण्याइतकी धीट झाली.

एक कठीण गोष्ट बोलते, राग मानू नका. तुमच्या लग्नात तुम्हाला हळद कुणी लावली होती? सवाष्णींनीच ना? सगळं रीतीनं झालं होतं, पाच जणी होत्या, मुहूर्त काढलेला होता. तरीही मिस्टर गेले. ते कशानं गेले हे तुम्ही लिहिलेलं नाही, पण हळद कुणाच्या हातची होती यावरून गेले नाहीत, एवढं नक्की. तुमच्या लेकीच्या संसारात सुख-दुःख येईल, सगळ्यांच्याच येतं. त्याचा हिशेब तुमच्या बोटांशी लावायचा अधिकार कुणालाही देऊ नका, आणि स्वतःही घेऊ नका.

आणि तुम्ही काम कशात करता? हळदीत! सांगलीच्या हळदीला 2018 साली भौगोलिक मानांकन मिळालं. सांगलीच्या बाजारातली हळद कुठल्या कुठल्या राज्यांत जाते, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक. तुम्ही भरलेल्या पुड्या आजवर किती लग्नघरांत फुटल्या असतील. त्या हळदीनं किती नवऱ्या पिवळ्या झाल्या असतील. तेव्हा पुडी कुणी भरली हे कुणी विचारलं नाही. ती हळद परक्याच्या पोरीला चालली, मग तुमच्या पोरीला का चालू नये?

आता दिरांच्या शास्त्राबद्दल. याज्ञवल्क्यस्मृतीत कन्या देण्याचा अधिकार कुणाचा, याची क्रमवारी दिलेली आहे: "पिता पितामहो भ्राता सकुल्यो जननी तथा". म्हणजे वडील, आजोबा, भाऊ, कुळातला कुणी आणि आई. आधीचा नसेल तर त्याच्या पुढचा. आईचं नाव सगळ्यात शेवटी आहे, हे मी लपवत नाही. कुळातला म्हणून दिरांचा नंबर तुमच्या आधी लागतो, हेही खरं. पण "शास्त्रात नाही" हे म्हणणं मात्र खोटं ठरतं. जिथं पिताच नाही तिथं कन्या द्यायला उभी राहणारी आई कोण असणार? विधवाच ना? तिचं नाव त्या यादीत आहे याचा अर्थ स्मृतिकारानं तिचा हात अपवित्र मानलेला नाही.

आणि तुमच्या भागात तर या बाबतीत फार मोठं काम झालेलं आहे. शेजारच्या कोल्हापूर संस्थानात राजर्षी शाहू महाराजांनी 1917 साली विधवांच्या पुनर्विवाहाचा कायदा केला. त्यांच्या स्मृतिशताब्दीच्या वर्षी, मे 2022 मध्ये, शिरोळ तालुक्यातल्या हेरवाड गावानं ग्रामसभेत ठराव केला: नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र आणि जोडवी काढणं आमच्या गावात बंद. त्याच महिन्यात राज्याच्या ग्रामविकास विभागानं परिपत्रक काढून बाकीच्या ग्रामपंचायतींनाही तसंच करायला सांगितलं. हेरवाड तुमच्यापासून काही फार लांब नाही, तिथल्याही बायका तुमच्यासारख्याच शेता-कारखान्यात राबणाऱ्या. हे तुमच्या मनाच्या बळासाठी सांगते आहे. त्या परिपत्रकाची प्रत आणून दिरांपुढं ठेवू नका. लग्नघरात सरकारी कागद निघाला की माणसं आणखी ताठर होतात.

कन्यादानाचं आता बोलू, कारण तिथंच तुमचा अर्धा गुंता सुटणार आहे. लेक म्हणते ते मला पूर्ण पटतं. ती शिकलेली, कमावती मुलगी आहे. तिला कुणी कुणाला दान करायचं नसतं. हिंदू विवाह कायद्यात, 1955 च्या, सातव्या कलमात लिहिलंय की वधू किंवा वर, कुणा एकाकडच्या रीतीनं लग्न लागलं की पुरे, आणि त्या रीतीत सप्तपदी असेल तर सातवं पाऊल पडलं की लग्न पूर्ण झालं. कन्यादानाचं त्यात नावही नाही. अलाहाबाद उच्च न्यायालयानं 2024 साली हेच स्पष्ट सांगितलं, की हिंदू विवाहाला कन्यादान अत्यावश्यक नाही. तेव्हा कन्यादान वगळायचं, पाणिग्रहण आणि सप्तपदी ठेवायची. पाणिग्रहणात नवरामुलगा मुलीचा हात धरतो. त्या वेळी लेकीचा हात तुम्ही उचलून जावयाच्या हातात द्या, बाकी काही बोलायचीही गरज नाही. कन्यादानच नाही म्हटल्यावर त्याला कोण बसणार हा वादच उरत नाही, आणि दिरांना कुणी "तुम्ही नको" म्हटलं असंही होत नाही.

मग दिरांना मान कुठं द्यायचा? भरपूर जागा आहेत. देवक त्यांनी आणि जाऊबाईंनी बसवावं. सीमांतपूजनाला नवऱ्यामुलाचे पाय त्यांनी धुवावेत, टॉवेल-टोपी-फेटा त्यांच्या हातानं द्यावा. व्याह्यांच्या गळाभेटीला तेच पुढं असावेत. वडील नसलेल्या पुतणीसाठी हे करणं त्यांना मनापासून आवडेल, असं तुमच्या पत्रावरून वाटतं. त्यांचं प्रेम आहे, म्हणूनच ते कन्यादानाला बसायला तयार झाले. प्रेमाला नको म्हणू नका. फक्त तुमची जागा त्या प्रेमाखाली झाकली जाऊ देऊ नका.

पुढची बोलणी कुणाशी आधी करायची, यात शहाणपण आहे. आधी लेकीशी. तिला सांगा की भांडण थांबव, मी हळद लावणार आहे. हे एकदा तिच्या कानावर पडलं की तिचा अर्धा राग जाईल, कारण तिचा राग दिरांपेक्षा तुमच्या मागं सरण्यावर जास्त आहे.

मग विहीणबाईंशी. साखरपुड्यात जे झालं ते त्यांनी पाहिलं आहे, त्यामुळं विषय काढायला अवघड जाणार नाही. स्वतः फोन करा, मध्यस्थ घालू नका. सरळ सांगा: "त्या दिवशी मी मागं सरले, पण हळदीला पहिला हात माझा असेल. तुमच्या घरात कुणाच्या मनात काही असेल तर आत्ताच बोलून घेऊ." माणसं चांगली आहेत असं तुम्हीच लिहिलंय. बहुधा त्या म्हणतील की आम्हाला त्या दिवशीच वाईट वाटलं होतं. "सासरचे काय म्हणतील" हे कारण पुढं करून आपल्या घरात अनेक गोष्टी अडवल्या जातात, आणि सासरच्यांना कधी कुणी विचारलेलंच नसतं. समजा त्यांनी आढेवेढे घेतले, तर ते लग्नाआधी कळलेलं बरं. मग होणाऱ्या जावयानं आपल्या आईशी बोलायचं. हे काम त्याचं आहे, आणि तो ते कसं करतो हे तुमच्या लेकीनं नीट बघावं.

त्यानंतर जाऊबाई. त्यांच्याशी एकटीनं, दुपारच्या निवांत वेळी बोला. पुरुष मंडळी समोर नकोत. मी असं म्हणेन: "जाऊबाई, हे गेल्यावर तुम्ही आमची चूल विझू दिली नाहीत, ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. देवक तुम्ही दोघांनीच बसवायचं. पण पोरीला पहिली हळद मी लावणार, आणि मंगलाष्टकं चालू असताना तिच्याजवळ मी उभी राहणार. त्या वेळी माझ्या शेजारी तुम्ही पाहिजे." एवढं बोलून गप्प राहा. "चालेल का?" असं शेवटी जोडू नका. परवानगी मागितली की समोरच्याला नाही म्हणायची सोय होते, आणि हे घरचं कार्य तुमचं आहे. लग्न तुम्ही करताय, कर्ज काढलं असेल तर तुम्हीच फेडणार आहात.

जाऊबाई लगेच हो म्हणतील असं नाही. त्यांनाही तीच भीती शिकवलेली आहे. कदाचित त्या रडतील, कदाचित "लोकं मला नावं ठेवतील" म्हणतील. ऐकून घ्या. चार दिवस जाऊ द्या. दिरांशी त्यांनाच बोलू द्या, त्या तुमच्यापेक्षा बरं बोलतील. आणि दीर रुसलेच तर? तशी तयारी मनात ठेवा, मी खोटा भरवसा देणार नाही. रुसले तर पुन्हा जाऊन बोलवा, हात जोडा, वडिलकीचा मान द्या, पण हळदीचं ठरलं ते बदलू नका.

चुलतसासूबाई वयानं मोठ्या आहेत, त्यांच्याशी वाद घालण्यात अर्थ नाही. लग्नाच्या आठवडाभर आधी जाऊन पाया पडा, काय ठरलंय ते सांगून या. हळदीच्या दिवशी जाऊबाईंना त्यांच्या शेजारी बसवा.

गुरुजींना आधीच फोन करून ठेवा. कन्यादान वगळायचं आहे, लेकीचा हात आई देणार आहे, हे स्पष्ट सांगा. आजकाल बरेच गुरुजी खळखळ करत नाहीत. जे करतील त्यांना नम्रपणे नको म्हणा आणि दुसरे बघा. पुण्याच्या ज्ञान प्रबोधिनीनं स्त्रियांनाही पौरोहित्य शिकवलं आहे. तिथले पुरोहित प्रत्येक विधीचा अर्थ मराठीत सांगून लग्न लावतात, लेकीला ते फार आवडेल. सत्यशोधक पद्धतही तुमच्या भागाला नवी नाही. जोतीराव फुल्यांनी 1873 साली सत्यशोधक समाज काढला, भटजीशिवाय लग्नं लावली, मराठीत मंगलाष्टकं लिहिली आणि वधूवरांनी एकमेकांना शब्द द्यायची रीत घातली. पालघरकडच्या वारली समाजात तर लग्न लावणारी धवलेरी बाईच असते, ती गाणी म्हणून लग्न लावते. आपल्याच राज्यात लग्नाच्या इतक्या तऱ्हा आहेत. तेव्हा आपल्या घरची एक तऱ्हा थोडी हलवली तर काही कोसळत नाही.

आता हळदीचा दिवस. कारखान्यातून चांगली राजापुरी हळकुंडं तुम्ही स्वतः निवडून आणा. घाणा भरायला मुसळाला जो पहिला हात लागेल तो तुमचा असू दे, मग जाऊबाईंचा. मुलीला पाटावर बसवलं, वाटीत हळद कालवली, आंब्याची पानं ठेवली की तुम्ही खोलीत नाही, तिच्या समोर असायचं. पान हळदीत बुडवून आधी पाय, मग गुडघे, मग खांदे, मग कपाळ. त्यानंतर पान बाजूला ठेवा आणि दोन्ही तळव्यांनी तिच्या गालांना हळद लावा. त्या क्षणी कुणी मध्ये आलंच, तर लेकीनं बोलायचं. हे तिच्याशी आधी ठरवून ठेवा. तिनं पाटावरून हात पुढं करून "आई, ये" एवढंच म्हणायचं. नवरीमुलीनं पाटावरून हाक मारली की तिला नाही म्हणणारं माणूस विरळा.

पाच जणी कोण घ्यायच्या तेही लेकीला ठरवू दे. तिच्यावर जीव लावणारी एखादी विधवा मावशी, आत्या असेल तर तिला त्या पाचांत घ्या. तुमच्याइतकंच तिनंही सोसलेलं असणार.

कासार चुडा भरायला येईल तेव्हा तुम्ही लेकीच्या शेजारी बसा. हिरव्या काचा भरताना हात दाबला जातो, पोरी कळवळतात, त्या वेळी मांडीवर हात ठेवायला आई लागते. तुम्हाला स्वतःला बांगड्या भरायच्या असतील तर भरा. नसतील भरायच्या तर भरू नका. साडीचा रंग, कपाळावरचं कुंकू, गजरा, यातलं काय घ्यायचं हे तुमचं तुम्ही ठरवा. आत्तापर्यंत लोकांनी "नको" म्हणून लादलं, आता लेकीच्या मैत्रिणींनी "घ्याच" म्हणून लादू नये.

लग्न पार पडलं की लगेच पहिली संक्रांत येईल. काळी साडी, हलव्याचे दागिने, सासरी हळदीकुंकू. मग श्रावणात मंगळागौर, मग दिवाळसण. अधिक मास आला की जावयाला अनारशांचं वाण. यातलं वाण, साडी, दागिने आईनं पाठवले तर कुणी परत करत नाही. द्यायला तिचा हात चालतो, लावायला चालत नाही, हा अन्याय मला फार लागतो. म्हणून विहीणबाईंशी फोनवर बोलाल तेव्हाच सांगून ठेवा की संक्रांतीच्या हळदीकुंकवाला मीही येणार आहे, आणि वाणाची पिशवी देऊन दारातून परतणार नाही.

राहिली पत्रिका. मुलीच्या नावाच्या ओळीत "चि. सौ. कां." आणि तिच्या वडिलांचं नाव "कै." लावून घ्या, त्यांची ती जागा आहे. सुरुवात "माझी कन्या" अशी करा, "आमची पुतणी" किंवा "आमच्या घराण्यातील कन्या" असं गोलमाल नको. निमंत्रक म्हणून पहिलं नाव तुमचं, "श्रीमती" लावून. त्याखाली थोरले दीर आणि जाऊबाई दोघांची नावं, दोन्ही सारख्याच अक्षरांत. मग मामा-मामी, कारण अंतरपाटाला मुलीच्या पाठीशी मामा उभा राहणार. हे सगळं कागदावर लिहून छापखान्यात तुम्ही स्वतः घेऊन जा, आणि प्रूफ आलं की जाऊबाईंबरोबर बसून वाचा.